‘एफी ब्रीस्ट’वर विवेचन कसे लिहावे: जर्मन वास्तववादी कादंबरी वाचण्याचा क्रम

जर्मन साहित्य शिकणाऱ्या मराठी विद्यार्थ्यांचे निबंध तपासताना एक वाक्य मला इतक्या वेळा भेटते, की ते दिसताच मी समासात नुसती एक रेघ ओढते. ते वाक्य असे: ‘या कादंबरीत लेखकाने तत्कालीन समाजाचे वास्तव चित्रण केले असून नायिका त्या समाजाची बळी ठरते.’ वाक्य खोटे नाही. पण कादंबरी न उघडता, केवळ कथासार वाचूनही ते लिहिता येते, आणि खरी अडचण तीच आहे. बहुतेकांची चूक समजुतीची नसून क्रमाची असते. आधी समीक्षा वाचली जाते, मग इतिहासाची दोन पाने चाळली जातात, मग निष्कर्ष ठरतो, आणि अगदी शेवटी त्या निष्कर्षाला शोभतील अशी अवतरणे शोधायला संहितेकडे धाव घेतली जाते. पुढे दिलेला क्रम याच्या जवळजवळ उलट आहे.

उदाहरण म्हणून थेओडोर फोंटाने यांची ‘एफी ब्रीस्ट’ ही कादंबरी घेतली आहे. ती १८९४-९५ मध्ये ‘डॉइचे रुंडशाऊ’ या मासिकातून क्रमशः आली आणि नंतर पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. कथानक थोडक्यात असे: सतरा वर्षांच्या एफीचे लग्न तिच्या आईच्या एके काळच्या चाहत्याशी, अडतीस वर्षांच्या बारोन इन्स्टेटनशी होते, समुद्राकाठच्या केसिन गावी मेजर क्राम्पासशी तिचे संबंध येतात, ते संपून सहा वर्षांहून अधिक काळ गेल्यावर बर्लिनच्या घरात जुनी पत्रे सापडतात, इन्स्टेटन द्वंद्वयुद्धात क्राम्पासला ठार करतो, आणि एफी मुलीला मुकते, समाजाबाहेर फेकली जाते व पुढे माहेरी मरण पावते. मासला हा असला तरी पायऱ्या केलर, श्टॉर्म किंवा राबे या त्याच प्रवाहातल्या लेखकांच्या कृतींनाही लागू पडतात. मात्र कोणत्या पायरीवर किती वेळ थांबायचे ते कृतीप्रमाणे बदलते.

तयारी

पहिली गोष्ट आवृत्तीची. रेक्लाम प्रकाशनाची पिवळी पुस्तिका, ग्रंथालयातली जाड आवृत्ती आणि संगणकावरची संहिता यांचे पृष्ठक्रमांक एकमेकांशी जुळत नाहीत. म्हणून टिपणे काढताना प्रकरणाचा क्रमांक आधी लिहावा आणि पृष्ठक्रमांक नंतर. कादंबरीत छत्तीस प्रकरणे आहेत आणि ती लहान आहेत, त्यामुळे प्रकरणाच्या क्रमांकावरूनही संदर्भ चटकन सापडतो.

दुसरी गोष्ट भाषेची. इंग्रजी अनुवादातून वाचत असाल तर हरकत नाही, पण निबंधात ज्या उताऱ्यांवर बोट ठेवणार आहात ते आठ-दहा उतारे मूळ जर्मनमध्ये पाहिलेच पाहिजेत. कोण कोणाला ‘डू’ म्हणते आणि कोण ‘झी’, कोण नावाने हाक मारते आणि कोण पदवीने, हे इंग्रजीत पुसले जाते. मराठीत ‘तू’ आणि ‘आपण’ हा भेद जिवंत असल्याने ही गोष्ट आपल्याला खरे तर सोपी जायला हवी, पण इंग्रजीच्या पुलावरून गेल्यामुळे हाती असलेला फायदाच आपण घालवतो.

तिसरी गोष्ट वहीची. पानावर तीन रकाने आखावेत: काय घडले, ते कोणी सांगितले, आणि काय सांगितले गेले नाही. तिसरा रकाना सुरुवातीला रिकामाच राहतो. त्याची काळजी करू नये.

सावधान: चित्रपट पाहून वाचन सुरू करू नका. चित्रपटाला कोणता तरी चेहरा आणि कोणती तरी नजर दाखवावीच लागते. फोंटाने जिथे काहीच दाखवत नाहीत, ती जागा त्यामुळे तुमच्या मनात आधीच भरली जाते.

पायरी १: ‘वास्तववाद’ या शब्दाचा तिथला अर्थ निश्चित करणे

मराठीत ‘वास्तववादी’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे उपेक्षितांचे जिणे, दारिद्र्य, शोषण, बोलीभाषा अशी एक मालिका उभी राहते. ही अपेक्षा घेऊन एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातल्या जर्मन कादंबरीकडे गेलात, तर पहिल्या पन्नास पानांत निराश व्हाल: बागा, चहापाने, स्लेजच्या सहली आणि लांबलचक गप्पा. मग विद्यार्थी एक तर ‘हा खरा वास्तववाद नाही’ असे लिहितात, किंवा दारिद्र्य कुठे तरी सापडावे म्हणून रोस्विथा या दाईवर दोन पाने खर्च करतात.

म्हणून आधी हे नोंदवा. १८४८ च्या क्रांतीच्या अपयशानंतरच्या सुमारे चार दशकांतल्या या प्रवाहाला ‘पोएटिशर रेआलिस्मुस’, म्हणजे काव्यात्म वास्तववाद, असे नाव आहे. ते ऑटो लुडविग या लेखकाच्या लिखाणातून रूढ झाले. ‘बुर्गरलिशर रेआलिस्मुस’, म्हणजे नागर मध्यमवर्गाचा वास्तववाद, हे नावही चालते. फोंटाने यांनी १८५३ च्या एका लेखात स्पष्टच म्हटले होते की दैनंदिन जीवनाची, त्यातही त्याच्या दैन्याची आणि काळ्या बाजूची, उघडी नक्कल म्हणजे वास्तववाद नव्हे. जीवन ही संगमरवराची खाण आहे, मूर्ती तिच्यातून घडवावी लागते. त्याच वर्षी ऑस्ट्रियन लेखक श्टिफ्टर यांनी ‘बुंटे श्टाइने’ या कथासंग्रहाच्या प्रस्तावनेत वादळ आणि ज्वालामुखी यांपेक्षा वाऱ्याची झुळूक आणि धान्याची वाढ यांनाच मोठे म्हटले. निवड, गाळणी आणि संयम हे या मंडळींच्या दृष्टीने वास्तवापासून पळणे नव्हते, वास्तव हाती लागण्याची तीच पद्धत होती.

मात्र इथे घाई करून ‘फोंटाने यांना उघडे वास्तव सोसत नसे’ असेही लिहू नये. १८८९ मध्ये हाउप्टमान यांचे ‘फोर झोनेनआउफगांग’ हे निसर्गवादी नाटक बर्लिनमध्ये रंगमंचावर आले आणि मोठी खळबळ उडाली, तेव्हा सत्तरीला टेकलेल्या फोंटाने यांनी त्याच्या बाजूने परीक्षण लिहिले. म्हणजे दुसरा मार्ग त्यांना ठाऊक होता. ‘एफी ब्रीस्ट’मध्ये त्यांनी तो घेतला नाही, एवढेच म्हणता येते.

पडताळणी: आपल्या वहीत ‘वास्तववाद म्हणजे’ असे लिहून पुढचे वाक्य पूर्ण करा. त्यात ‘हुबेहूब’ किंवा ‘जसेच्या तसे’ हे शब्द आले असतील तर ही पायरी पुन्हा करा.

पायरी २: काळाचा तक्ता

पहिले वाचन पेन्सिलशिवाय करावे. दुसऱ्या वाचनात केवळ एकच काम करावे: प्रत्येक प्रकरणासमोर कथेतला किती काळ जातो ते लिहावे. कंटाळवाणे काम आहे, दोन संध्याकाळी जातात, आणि निम्मे विद्यार्थी ते टाळतात. तक्ता झाल्यावर जे दिसते ते मात्र दुसऱ्या कशानेच दिसत नाही. केसिनमधल्या एका दिवसाला, एका सहलीला पूर्ण प्रकरण मिळते, आणि बर्लिनमधली सहा-सात सुखाची वर्षे मोजक्या पानांत उरकतात. द्वंद्वयुद्धाचा प्रत्यक्ष क्षण काही ओळींतच संपतो, आणि ते करावे की नाही याची चर्चा प्रकरणभर चालते. कथनाचा भार घटनेवर नसून तिच्या आधीच्या आणि नंतरच्या बोलण्यावर आहे, हे विधान तक्ता पुढे ठेवून केले तर कोणालाही ते खोडता येत नाही.

पायरी ३: सांगणारा कोण आहे

काही कृतींत ही पायरी मुख्य असते. श्टॉर्म यांच्या ‘डेर शिमेलरायटर’ या १८८८ च्या दीर्घकथेत एक माणूस लहानपणी मासिकात वाचलेली गोष्ट आठवून सांगतो. त्या गोष्टीत एक प्रवासी आहे. त्या प्रवाशाला बांधाजवळच्या खाणावळीत एक वृद्ध शाळामास्तर बंधारेप्रमुख हाउके हाइन याची हकिगत सांगतो. वर मास्तरच सांगून ठेवतो की सध्याच्या बंधारेप्रमुखाची म्हातारी घरकामकरीण हीच हकिगत निराळी सांगेल. म्हणजे पांढऱ्या घोड्यावरचे भूत खरे की खोटे, हा प्रश्न आपण तिसऱ्या हाताने आलेल्या साक्षीवर सोडवायला बसलेलो असतो. अशा कृतीवर लिहिताना ‘लेखक म्हणतो’ हे शब्द निबंधातून सरसकट काढून टाकावेत.

‘एफी ब्रीस्ट’मध्ये अशा चौकटी नाहीत. निवेदक तृतीयपुरुषी आहे, सभ्य आहे, आणि ऐन वेळी मागे सरतो. म्हणून इथे प्रश्न बदलतो: हे वाक्य निवेदकाचे आहे, की पात्राच्या मनातले शब्द निवेदकाच्या वाक्यात शिरले आहेत? जर्मनमध्ये याला ‘एर्लेब्टे रेडे’ म्हणतात.

याचे सगळ्यात उपयोगी उदाहरण केसिनच्या घरातल्या चिनी माणसाच्या भुताचे. इन्स्टेटन भुताच्या गोष्टींनी इतरांना शिकवू पाहतो, असे क्राम्पास एफीला सुचवतो; मग एफीच्या मनात ‘आंग्स्ट-आपाराट आउस काल्क्यूल’ असा शब्दप्रयोग येतो, म्हणजे हिशेबाने उभे केलेले भीतीचे यंत्र. अनेक निबंधांत हे थेट सत्य म्हणून येते: ‘इन्स्टेटन भुताचा वापर करून पत्नीला धाकात ठेवतो.’ शक्य आहे. पण ही कल्पना प्रथम सुचवणारा माणूस तिला आपल्याकडे वळवू पाहत आहे, हे तुमच्या वाक्यात यायला नको का? विधान मांडा, आणि साक्षीदाराचा हेतूही त्यासोबत मांडा.

पायरी ४: वस्तूंचा माग

इथे होणारी चूक ठरलेली आहे. ‘झोका हे स्वातंत्र्याचे प्रतीक, तळे हे मृत्यूचे प्रतीक, सूर्यघड्याळ हे काळाचे प्रतीक’ अशी यादी लिहिली जाते आणि विद्यार्थ्याला वाटते की विवेचन झाले. ती यादी म्हणजे फार तर वस्तूंची मोजदाद झाली.

नियम असा ठेवा की एखाद्या वस्तूवर लिहायचे असेल तर ती निदान दोनदा, शक्यतो तीनदा आलेली असावी, आणि दर वेळी तिच्यात काय बदलले हे तुम्हाला सांगता यावे. पहिल्याच प्रकरणात एफी आणि तिच्या मैत्रिणी गूजबेरी नावाची आंबट फळे खातात, त्यांची साले कागदी पुडीत भरतात, पुडीत खडा घालतात आणि गंभीर तोंडे करून ती तळ्यात बुडवतात. खेळच आहे. तेवढ्यात एफी म्हणते की पूर्वी अशाच बोटीतून बिचाऱ्या अभागी बायकांनाही बुडवत असत, अर्थात व्यभिचारासाठी. मैत्रीण दचकते, एफी हसून सांगते की इथे नव्हे, इथे असले काही घडत नाही. या दृश्यावर ‘भविष्यसूचक प्रतीक’ एवढेच लिहून थांबू नये. शिक्षेची गोष्ट मुलींच्या खेळात किती सहज आली आहे, तिची भयानकता दूरदेशी ढकलून ‘इथे’ कसे निर्धोक ठरवले गेले आहे, आणि अपराध बुडवून टाकता येतो ही समजूत पुढे शिवणाच्या मेजात बांधून ठेवलेल्या पत्रांशी कशी भिडते, हे लिहावे. पत्रे बुडवली गेली नाहीत, आणि त्यामुळेच ती सापडली.

शब्दांचाही असाच माग काढता येतो. दुसऱ्या प्रकरणाच्या शेवटी इन्स्टेटन समोर उभा असताना खिडकीतून मैत्रीण हाक मारते: ‘एफी, कोम’, म्हणजे ‘एफी, ये’. खूप पुढे, सगळे संपल्यावर, म्हातारा ब्रीस्ट मुलीला घरी बोलावतो ती तार याच दोन शब्दांची आहे. पहिली हाक तिला खेळाकडे बोलावते, दुसरी मरणासाठी माहेरी. हे दोन प्रसंग शेजारी ठेवण्यासाठी कोणत्याही सिद्धान्ताची गरज लागत नाही. सूर्यघड्याळाचेही तसेच: पहिल्या परिच्छेदात ते घराच्या बागेकडच्या गोल वाफ्यात आहे, आणि शेवटच्या प्रकरणात त्याच्या जागी एफीच्या थडग्याची संगमरवरी फरशी आहे, भोवतीची हेलिओट्रोपची फुले मात्र तशीच राखलेली आहेत.

सावधान: प्रत्येक वस्तू प्रतीक नसते. काही खुर्च्या बसण्यासाठी असतात. घरात सामान असते म्हणून कादंबरीतही असते, आणि असे तपशील केवळ ‘हे खरे आहे’ एवढाच भास देण्याचे काम करतात. हा भाससुद्धा विवेचनाचा विषय होऊ शकतो. पण त्यासाठी खुर्चीला आत्मा देण्याची गरज नसते.

पायरी ५: न सांगितलेले वाचणे

आता वहीतला तिसरा रकाना. या कादंबरीतली मध्यवर्ती घटना, म्हणजे एफी आणि क्राम्पास यांचा संबंध, कुठेही वर्णन केलेली नाही. काही विद्यार्थ्यांना ती घडली हेच पहिल्या वाचनात कळत नाही, आणि त्यांना त्याची लाज वाटते. लाज वाटण्याचे कारण नाही. उलट नेमके कोणत्या ओळीवर आपल्या लक्षात आले, ती ओळ नोंदवून ठेवा. तिथूनच निबंधाचा सर्वांत चांगला भाग निघतो.

मौनावर लिहिण्याची रीत अशी: मौनाच्या आधीचा शेवटचा तपशील नोंदवा, मौनानंतरचा पहिला तपशील नोंदवा, आणि मधल्या जागेत स्वतःच्या कल्पनेने काहीही भरू नका. आधीचा तपशील एकोणिसाव्या प्रकरणाच्या शेवटी आहे. बर्फातून स्लेज धावते आहे, झाडी अंधारी होत जाते, एफीच्या मनात देवाने भोवती बर्फाची भिंत उभारून रक्षण केल्याच्या कवितेच्या ओळी घोळत आहेत, तिची बोटे एकमेकांत घट्ट गुंतलेली आहेत. तोवर तिला अदबीने ‘ग्नेडिगस्टे फ्राउ’, आपल्याकडच्या ‘बाईसाहेब’सारखे, संबोधणारा क्राम्पास कानाशी नुसते ‘एफी’ म्हणतो, आणि त्याचा आवाज थरथरतो. तो तिची गुंतलेली बोटे सोडवतो आणि हातावर चुंबनांचा वर्षाव करतो. तिला भोवळ आल्यासारखे होते. डोळे उघडते तेव्हा स्लेज झाडीबाहेर आलेली असते.

प्रार्थनेसाठी गुंफलेली बोटे सोडवली जाणे, ही शरीराची एकच हालचाल निवेदकाने जवळून दाखवली आहे. यापुढे काही दाखवले जात नाही. नंतरचे तपशील असे: एफीचे एकटीने लांब फिरायला जाणे, वाटेत भेटायचे ठरलेल्या रोस्विथाशी चुकामूक होणे, आणि बर्लिनला बदली झाल्याची बातमी इन्स्टेटन सांगतो तेव्हा एफीचे खुर्चीवरून घसरून त्याचे गुडघे धरणे आणि प्रार्थनेच्या स्वरात ‘देवाची कृपा’ असे म्हणणे. इन्स्टेटनचा चेहरा पांढरा पडतो. त्याला क्षणभर संशय येतो, मग तो स्वतःची समजूत घालतो. वाचकाला जे कळते ते त्याच्याइतक्याच आणि त्याच्यासारख्याच पुराव्यावर कळते. मौनाचे काम हे आहे: वाचकाला नवऱ्याच्या खुर्चीत बसवणे. ‘त्या काळच्या नैतिक बंधनांमुळे लेखकाने वर्णन टाळले’ हे नेहमीचे स्पष्टीकरण चूक असेलच असे नाही, पण ते आधी पुढे केले की हे काही दिसतच नाही.

पडताळणी: मौनावरच्या परिच्छेदात ‘कदाचित’, ‘बहुधा’, ‘असावे’ हे शब्द किती आले ते मोजा. तीनपेक्षा जास्त असतील तर तुम्ही कादंबरीच्या रिकाम्या जागेत स्वतःची कादंबरी लिहू लागला आहात.

पायरी ६: संवाद कोणाच्या तोंडचा, आणि कोणत्या वेळचा

सत्ताविसावे प्रकरण प्रत्येकाने अवतरणासाठी वापरलेले असते. इन्स्टेटन आपला सहकारी व्युलर्सडोर्फ याला बोलावतो, त्याला पत्नीबद्दल द्वेष वाटत नाही, तो तिच्यावर अजून प्रेम करतो, असे सांगतो, आणि तरीही द्वंद्वयुद्ध अटळ आहे म्हणतो. इथेच तो सुप्रसिद्ध शब्द येतो: ‘गेझेलशाफ्ट्स-एट्वास’. विद्यार्थी याचे भाषांतर ‘समाज’ असे करून मोकळे होतात. पण ‘एट्वास’ म्हणजे ‘काहीतरी’. आपल्यावर जुलूम करणारे ते ‘समाज-काहीतरी’ प्रेम विचारत नाही आणि किती वर्षे लोटली तेही विचारत नाही, अशा आशयाचे तो बोलतो. ज्याच्या नावाने तो माणूस मारायला निघाला आहे त्याला त्याच्याजवळ धड नाव नाही. निबंधात आपण ‘समाजाने त्याला भाग पाडले’ असे ठामपणे लिहितो तेव्हा खुद्द इन्स्टेटनपेक्षाही आपली खात्री अधिक असते.

त्याच संभाषणात पुढे आणखी एक कारण येते आणि ते बहुतेकांच्या नजरेतून सुटते: व्युलर्सडोर्फला सांगितले त्या क्षणी एक साक्षीदार निर्माण झाला, आता मागे फिरता येत नाही. म्हणजे अटळपणा बाहेरून आलेला नाही. मित्राला घरी बोलावण्याच्या कृतीने तो तयार झाला. व्युलर्सडोर्फ शेवटी मान्य करतो की आपला प्रतिष्ठेचा पंथ ही मूर्तिपूजा आहे, पण मूर्ती मानली जाते तोवर तिच्यापुढे वाकावे लागते. आणि द्वंद्वयुद्धानंतर परतीच्या प्रवासात तोच इन्स्टेटन या सगळ्याला एका कल्पनेखातर रचलेली गोष्ट, अर्धे नाटक, म्हणतो. सत्ताविसावे प्रकरण उद्धृत करायचे असेल तर एकोणतिसावेही उद्धृत करावे लागते.

एफीच्या बाबतीत हाच नियम दुप्पट कडकपणे पाळावा. तेहतिसाव्या प्रकरणात, पढवलेल्या पोपटासारखी ‘हो, नक्की, मला परवानगी असेल तर’ अशी उत्तरे देणाऱ्या मुलीची भेट झाल्यावर, ती संतापून म्हणते की स्वतःच्या कृत्याची तिला किळस येते, पण त्याहून अधिक किळस तुमच्या सद्‌गुणांची येते. छत्तिसाव्या प्रकरणात, मरणाआधी, ती आईला सांगते की इन्स्टेटनचे सगळे बरोबर होते, आणि खरे प्रेम नसलेला माणूस जितका थोर असू शकतो तितका तो होता. स्त्रीवादी निबंध पहिले वाक्य घेतो आणि दुसरे गाळतो. ‘क्षमा आणि समेट’वाला निबंध दुसऱ्याचा पूर्वार्ध घेतो आणि उत्तरार्ध गाळतो. दोन्ही वाक्ये पूर्ण घ्या आणि त्यांचा मेळ बसत नाही हे लिहा. मेळ बसवणे तुमच्यावर बंधनकारक नाही.

पायरी ७: आता इतिहास

सहा पायऱ्या होईपर्यंत मी विद्यार्थ्यांना या कथेमागची खरी घटना सांगत नाही, कारण ती कळली की सगळे तिच्याकडेच धावतात. ती अशी: एलिझाबेथ फोन प्लोथो या स्त्रीचा पती आर्मांड फोन आर्डेन याने १८८६ मध्ये न्यायाधीश एमिल हार्टविश याला द्वंद्वयुद्धात मारले.

‘कादंबरी सत्यघटनेवर आधारित आहे, म्हणून ती वास्तववादी आहे’ हे वाक्य लिहू नका. केलर यांची ‘रोमिओ उंड युलिया आउफ डेम डोर्फे’ही १८४७ च्या वर्तमानपत्रातल्या बातमीवरून सुचली होती, आणि तिच्यातला काळा सारंगीवाला बातमीत कुठेच नव्हता. उपयोगी प्रश्न एकच: लेखकाने काय बदलले? इथे तीन बदल ठळक आहेत. खऱ्या पतिपत्नींच्या वयात पाच वर्षांचे अंतर होते. कादंबरीत ते एकवीस वर्षांचे झाले. खऱ्या घटनेत प्रकरण ताजे होते. कादंबरीत सहा वर्षांहून अधिक काळ लोटला, त्यामुळे संतापाची सबब नाहीशी झाली आणि उरला तो केवळ नियम. आणि एलिझाबेथ परिचारिका म्हणून काम करत १९५२ पर्यंत जगल्या. एफी तरुणपणीच मरते. तिसरा बदल वाचकाला अस्वस्थ करायला हवा. जगून दाखवलेल्या बाईला मारून टाकणारी कादंबरी अधिक वास्तववादी की कमी, यावर वर्गात दोन तास सहज जातात.

कायद्याची माहिती मोजकीच द्यावी. १८७१ च्या जर्मन दंडसंहितेत द्वंद्वयुद्ध गुन्हा होते, पण त्याला साध्या तुरुंगाऐवजी मानाची समजली जाणारी किल्लेकैद होती, एवढे पुरते. बिस्मार्कच्या धोरणांवर दीड पान लिहायचा मोह आवरावा. कादंबरीत इन्स्टेटन त्याच्या भेटीला व्हार्झिनला जातो आणि नववधू भुताच्या भीतीने घरी एकटी राहते, त्या घरापुरताच बिस्मार्क इथे आहे.

पायरी ८: समीक्षकांना कोणत्या प्रश्नासाठी बोलवायचे

समीक्षकाचे मत उद्धृत करण्याआधी तो कोणत्या प्रश्नाचे उत्तर देत आहे ते एका ओळीत लिहावे. एरिष आउअरबाख इस्तंबूलच्या निर्वासितपणात लिहिलेल्या आणि १९४६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘मिमेसिस’मध्ये विचारतात की फ्रेंचांप्रमाणे समकालीन सामाजिक वास्तव पूर्ण गांभीर्याने जर्मनांनी का मांडले नाही, फोंटाने यांच्यात त्यांना सुरुवात दिसते, पण सूर अर्धगंभीर गप्पांच्या पलीकडे जात नाही असे वाटते. मार्क्सवादी समीक्षक लुकाच यांचा प्रश्न वेगळा आहे: प्रशियन सत्ताधारी वर्ग आतून पोकळ होत चालल्याचे ज्ञान या कादंबरीत लेखकाच्या हेतूपलीकडे जाऊन कसे उतरले आहे? रिचर्ड ब्रिंकमान १९५७ मध्ये ‘व्हिर्क्लिशकाइट उंड इल्युझिओन’मध्ये वस्तुनिष्ठतेची आस बाळगणारे हे लेखन प्रत्यक्षात अधिकाधिक व्यक्तीच्या जाणिवेत कसे शिरते ते पाहतात. तिघांना एकाच परिच्छेदात कोंबले तर ते एकमेकांशी न बोलता आपापल्या प्रश्नांची उत्तरे देत राहतात.

माझे मत विचाराल तर आउअरबाख यांच्याशी भांडण करणे नवशिक्याला सर्वांत फायद्याचे. सूर अर्धगंभीर आहे हे त्यांचे निरीक्षण अचूक आहे. तो दोष आहे का, याचे उत्तर पाचव्या आणि सहाव्या पायरीवरच्या तुमच्या टिपणांत आधीच आलेले असेल.

सावधान: लेखकाची पत्रे म्हणजे निकालपत्र नव्हे. चिनी माणूस हा सारी कथा ज्याभोवती फिरते तो बिंदू आहे अशा अर्थाचे फोंटाने यांनी १८९५ मधल्या एका पत्रात लिहिले आहे. त्यावरून शोध सुरू करावा, तिथेच संपवू नये.

पायरी ९: दावा आणि मसुदा

दावा असा हवा की त्याला शहाणा माणूस ‘नाही’ म्हणू शकेल. ‘एफी समाजाची बळी आहे’ याला कोणी नाही म्हणत नाही. ‘इन्स्टेटनला भाग पाडणारा समाज कादंबरीत संवादांतूनच आकार घेतो आणि व्युलर्सडोर्फला बोलावेपर्यंत तो अस्तित्वातच आलेला नसतो’ याला अनेकजण नाही म्हणतील, केसिनमधल्या उमराव कुटुंबांचा दाखला देतील, आणि तिथून निबंध सुरू होईल.

मसुद्यात संहितेचे उतारे आधी, इतिहास मधे आणि समीक्षक शेवटी, हा वाचनाचाच क्रम ठेवणे सुरक्षित असते. तुलनेचा परिच्छेद घालायचा असेल तर जपून. हरिभाऊ आपटे यांची ‘पण लक्षांत कोण घेतो?’ जवळपास त्याच वर्षांत ‘करमणूक’मधून क्रमशः येत होती, त्यामुळे ‘एफी म्हणजे जर्मन यमू’ असे लिहिण्याचा मोह दर वर्षी कोणाला तरी होतो. पण यमू स्वतःची कहाणी स्वतः सांगते, आणि एफीला निवेदक ऐन प्रसंगी एकटी सोडून जातो. तुलना करायचीच तर तिथे करावी. दोघींच्या दुःखाची बेरीज करू नये.

राहता राहिला शेवटचा परिच्छेद. कादंबरीच्या अखेरीस आई विचारते की एफी फारच लहान तर नव्हती ना. थडग्याच्या फरशीपुढे झोपलेला रोलो कुत्रा जागा होऊन सावकाश मान हलवतो, आणि म्हातारा ब्रीस्ट म्हणतो की हे फार विस्तीर्ण क्षेत्र आहे. तपासलेल्या निबंधांपैकी निम्मे तरी याच वाक्यावर, अवतरणचिन्हांत, समाधानाने संपतात. ब्रीस्ट हे वाक्य कादंबरीभर नको असलेला विषय बंद करण्यासाठी वापरत आला आहे. आपल्या निबंधातही ते त्याच कामासाठी आले आहे का, एवढे वही मिटण्यापूर्वी पाहावे.